वजा ओल : आहुप्याच्या कड्यावर एक दिवस

दिवाळीच्या सुटीत मॉरिशसला जाऊन आलेली कुटुंबे आता आपल्या समाजात पुष्कळ आहेत. सहलीतील एक दिवस बेटदर्शनासाठी राखलेला असतो. सकाळी बस हॉटेलच्या दारी येते. मार्गदर्शक क्युरपीप येथील त्रू ओ सर्फ हे ज्वालामुखीचे मुख दाखवितो, मग गंगा तलाव, मग शामारेल येथील सात रंगांची माती. जैन जेवणाची सोय आधी सांगितली असेल तर होते, आणि सूर्यास्तापूर्वी मंडळी मुक्कामी परततात. मंचरच्या एका व्यापारी कुटुंबाने हाच दिवस अनुभवला. घरी आल्यावर छायाचित्रे दाखविताना नववीत शिकणारा नातू आजोबांना म्हणाला, "दादाजी, तिथला दगड आपल्या वाड्याच्या जोत्यासारखाच आहे. काळा आणि बारीक भोकांचा."

मुलाचे निरीक्षण अचूक होते. मॉरिशस हे ज्वालामुखीने घडविलेले बेट असून त्याचे वय सुमारे 80 लाख वर्षे मानले जाते. आज तेथील ज्वालामुखी शांत आहेत. शेजारच्या रियुनियन बेटावरील पितों द ला फुर्नेझ मात्र अजून वारंवार लाव्हा ओकतो. भूगर्भात खोलवर असलेल्या ज्या उष्णतेच्या स्रोताने ही बेटे घडविली, त्याच स्रोताने त्यांच्या फार पूर्वी, सुमारे 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वी, महाराष्ट्राची भूमी घडविली, असे बहुतेक भूवैज्ञानिक मानतात. तेव्हा भारत आशिया खंडाला जोडलेला नव्हता. चहूबाजूंनी समुद्र असलेला हा भूखंड विषुववृत्ताच्या दक्षिणेकडून उत्तरेस सरकत होता आणि सरकताना त्या उष्ण स्रोतावरून गेला. भूमीला लांबच लांब भेगा पडल्या, त्यांतून लाव्हा वाहिला, थिजला, त्यावर पुन्हा वाहिला. असे थर साचत पश्चिम घाटात त्यांची जाडी दोन किलोमीटरच्या वर गेली. पल्योपम आणि सागरोपम ही काळाची मापे ज्यांच्या कानावर लहानपणापासून पडली आहेत, त्यांना कोटीच्या या आकड्यांनी दचकण्याचे कारण नाही. थोडक्यात, जे बेट पाहण्यासाठी हे कुटुंब समुद्र ओलांडून गेले होते, तसल्याच एका फार मोठ्या आणि फार जुन्या बेटावर त्यांचे दुकान उभे होते.

हे थर उघडे कोठे पाहता येतील, असे नातवाने शाळेत विचारले. शिक्षकांनी सांगितले, आपल्या तालुक्यातच, आहुप्याला.

दादाजींचे वय 78. आहुपे हे नाव त्यांनी आयुष्यात शेकडो वेळा लिहिले होते. साठीच्या दशकात ते वडिलांच्या हाताखाली पेढीवर बसू लागले, तेव्हा डोंगरातील गावांचा हिरडा पेढीवर येत असे. वहीतील नोंदीचा साचा ठरलेला होता. गाव, माल, वजन, आणि त्याखाली 'वजा ओल'. डोंगरचा माल ओलसर असतो, वाळल्यावर घटतो, म्हणून तोललेल्या वजनातून काही भाग कापावयाचा, हा पेढीचा रिवाज. बाजारात त्याला कडता म्हणतात. आहुप्याच्या नावापुढे ही ओळ दादाजींनी वर्षानुवर्षे स्वतःच्या हाताने लिहिली. गाव मात्र पाहिले नव्हते. मंचरहून एका दिवसात जाऊन येण्यासारखे गाव, पण पेढीवरून उठून तेथे जाण्याची गरज कधी पडली नाही.

महावीर जन्मकल्याणकानंतरच्या रविवारी जाण्याचे ठरले. गावातील एक तरुण पाहुण्यांना दिवसभर फिरवून आणतो, असे कळले. दादाजींच्या मुलाने त्याला दूरध्वनी केला, दिवसाचा दर विचारला आणि सवयीने म्हणाला, "जरा कमी करा, आम्ही मंचरचेच आहोत." पलीकडून क्षणभर शांतता होती. मग तो तरुण "बरं" म्हणाला.

पहाटे नवकारशीची वेळ सांभाळून गाडी निघाली. घोडेगाव मागे पडल्यावर डिंभे धरण लागले. याच्या जलाशयाला हुतात्मा बाबू गेनू सागर असे नाव आहे. परदेशी कापडाची मालमोटार अडविताना 12 डिसेंबर 1930 रोजी मुंबईत प्राण देणारा तो गिरणी कामगार याच तालुक्यातील महाळुंगे पडवळचा. ज्या आंबेगावावरून तालुक्याला नाव मिळाले ते जुने गावही याच पाण्याखाली गेले. तालुक्याचे नाव आंबेगाव राहिले आणि कचेरी घोडेगावी. चैत्रात पाणी उतरलेले होते आणि काठाची चिखलाळ जमीन भेगाळून उघडी पडली होती. दादाजींनी गाडी थांबवावयास सांगितली. जुन्या आंबेगावातील काही व्यापाऱ्यांशी पेढीचा व्यवहार होता. ते कोठे गेले, याची आठवण त्यांना एका-दोघांपुरतीच देता आली.

पुढे याच खोऱ्यात माळीण आहे. 30 जुलै 2014 रोजी पहाटे, मुसळधार पावसात, डोंगराचा उतार घसरून गावावर आला आणि 151 माणसे गेली. काळा कातळ घट्ट असला तरी त्यावरची माती आणि झिजलेला भुसभुशीत खडक पाण्याने जड होतो, आणि तीव्र उतारावर त्याचा आधार सुटतो. मॉरिशसच्या मार्गदर्शकाने बेटाचे सौंदर्य सांगितले होते. आपल्या बेटाचा हा दुसरा चेहरा मुलाने गाडीच्या खिडकीतून पाहिला. त्या टप्प्यावर कोणी बोलले नाही. सूनबाईंनी मनात नवकार म्हटला.

आहुप्याला तो तरुण वाट पाहत उभा होता. महादेव कोळी समाजातील, पंचविशीचा, पायात साध्या चपला. त्याने प्रथम विचारले, "जेवणाचं सांगितलं होतं तसंच केलंय. कांदा, लसूण, बटाटा काही नाही. पाणी उकळून ठेवलंय. चालेल ना?" सूनबाईंना संकोच वाटला, कारण त्यांनी घरून डबा आणला होता. तो डबा दिवसभर गाडीतच राहिला.

गावाबाहेरच्या पठारावरून चालत गेल्यावर जमीन एकाएकी संपते. समोर कडा, आणि खाली कित्येक शे मीटरवर मुरबाड तालुक्याचे कोकण. चैत्रातल्या धुरकट हवेतही सिद्धगड, गोरखगड आणि मच्छिंद्रगडाचे सुळके ओळखू येत होते. तरुणाने सर्वांना कड्यापासून दहा पावले मागे बसविले आणि मग बोट दाखविले. समोरच्या भिंतीवर आडवे पट्टे स्पष्ट दिसत होते: काळा जाड थर, मग थोडी उतरती पायरी, पुन्हा काळा थर. मध्येच एक तांबडी रेघ.

"प्रत्येक थर म्हणजे एकेक वेळचा लाव्हा," तो म्हणाला. "आणि ती तांबडी रेघ म्हणजे माती. लाव्हा थांबला, मधे पुष्कळ काळ गेला, त्यावर माती झाली. मग वरून दुसरा लाव्हा आला आणि ती भाजली."

या पायऱ्यांवरूनच अशा खडकाला ट्रॅप हे नाव पडले. स्वीडिश भाषेत त्या शब्दाच्या मुळाचा अर्थ पायरी. दोन थरांच्या मधल्या फटींतून आणि भोकाळ थरांतून पाणी झिरपते आणि पायथ्याशी झरे होऊन फुटते. वरच्या कठीण कातळावर पाऊस टिकत नाही. म्हणूनच जेथे राज्यातील सर्वांत जास्त पावसापैकी पाऊस पडतो, तेथील बायका चैत्रात हंडे घेऊन दूरच्या झऱ्यावर जातात. नातवाने विचारले की पडणारे पाणी जाते कोठे. तरुणाने उगवतीकडे हात केला. घोड नदी याच परिसरात उगम पावते, ती भीमेला मिळते, भीमा कृष्णेला, आणि ते पाणी बंगालच्या उपसागरापर्यंत जाते. कड्याच्या या बाजूला पडलेला थेंब मात्र खाली कोकणात उतरून अरबी समुद्राला मिळतो. एकाच ढगातील दोन थेंबांची गती कड्याच्या धारेवर ठरते.

कड्याच्या पोटातून एक वाट खाली उतरताना दिसत होती. तो आहुपे घाट, खाली मुरबाडकडील खोपिवलीला उतरणारा. मोटाररस्ते होण्यापूर्वी देश आणि कोकण यांच्यातील व्यापार अशाच घाटांनी चाले. उत्तरेकडे जुन्नरचा नाणेघाट, जेथे सातवाहनांच्या काळातील लेख आणि जकातीचा म्हणून ओळखला जाणारा दगडी रांजण आजही आहे, तो याच साखळीतील राजमार्ग. आहुपे घाट त्या मानाने गरिबांची वाट. दादाजी बराच वेळ त्या वाटेकडे पाहत बसले. व्यापारी मनुष्य वाट पाहिली की ओझ्याचा विचार करतो.

दुपारच्या आधी मंडळी देवराईत गेली. आहुप्याची देवराई भैरवनाथाची. बाहेर चैत्राचे ऊन तापले होते, आत सावली इतकी दाट की डोळ्यांना सरावण्यास वेळ लागला. मनगटाहून जाड वेली एका झाडावरून दुसऱ्यावर गेल्या होत्या. भीमाशंकर अभयारण्याचा हा परिसर राज्यप्राणी शेकरूसाठी प्रसिद्ध आहे. शेकरू दिसला नाही, पण उंचावरच्या फांद्यांत काटक्या-पानांचे त्याचे गोल घरटे तरुणाने दाखविले. देवराईचा नियम सोपा आहे: जे देवाचे ते तोडावयाचे नाही. पडलेले लाकूडही घरी न्यावयाचे नाही. वनस्पतिकाय जीवांची विराधना टाळावी, हे आपण प्रवचनात ऐकतो आणि पर्वतिथीला हिरवी भाजी वर्ज्य करतो. येथे पिढ्यान् पिढ्या एक अख्खे गाव एका अख्ख्या रानाच्या बाबतीत तो नियम पाळीत आले, आणि तेही घरात सरपण कमी असताना. सूनबाईंनी नातवाच्या हातातील तोडलेले पान पाहिले आणि काही न बोलता मान हलविली. मुलाने ते पान झाडाच्या बुंध्याशी ठेवले.

जेवण तरुणाच्या घरी होते. नाचणीची भाकरी, हुलग्याची आमटी, भात. ताकाचा गडवा आला तेव्हा सूनबाईंनी द्विदळाचे कारण सांगितले. तरुणाच्या आजीने ते शांतपणे ऐकून घेतले, म्हणाली, "प्रत्येकाचं असतं काही. आमचंही असतं," आणि गडवा उचलून ठेवला.

अंगणात हिरडा वाळत घातला होता. हाच बाळहिरडा: झाडावर फळ जून होण्याआधी, बोटाच्या पेराएवढे असताना काढतात आणि उन्हात वाळवतात. वाळता वाळता तो हिरव्याचा काळा होतो. औषधासाठी याला मागणी असते. त्रिफळ्यातील तीन फळांपैकी एक हिरडा. जैन घरांतही तो परका नाही. उपवासांनंतर पोट सांभाळण्यासाठी तो असतो आणि काही घरांत पाणी प्रासुक करण्यासाठी त्याचे चूर्ण वापरतात. आंबेगाव आणि जुन्नरच्या डोंगरी गावांत भात घरी खाण्यापुरता होतो. वर्षाचे रोख पैसे हिरड्याचे. 3 जून 2020 च्या निसर्ग चक्रीवादळात येथील हिरड्याची झाडे मोडली, तेव्हा अनेक घरांची रोकडच मोडली. आदिवासी विकास महामंडळ 1972 मध्ये स्थापन झाले, पुढे सरकारी खरेदी आली, आणि 2006 च्या वनहक्क कायद्याने अशा गौण वनोपजावरील मालकी हक्क वनवासी समाजांना दिला. त्याआधीच्या काळात हिरडा पेढ्यांवरच येई.

दादाजी आजीशेजारी ओट्यावर बसले. त्यांनी मूठभर हिरडा उचलला, जसा पूर्वी उचलीत असत, आणि अंगठ्याने दाबून पाहिला.

"वाळलाय चांगला," ते म्हणाले.

"अजून दोन उन्हं पाहिजेत," आजी म्हणाली. "पत्र्यावर टाकला की खडखड वाजला पाहिजे. मग वाळला म्हणायचा."

"पूर्वीही एवढा वाळवत होता?"

"मग काय, शेठ? ओला हिरडा डोक्यावर वाहील कोण? आम्ही रातचं निघायचो, चालत. ओल्याचं ओझं दुप्पट. वाळून हलका झाला की मगच डोंगर उतरायचा."

दादाजींच्या हातातील हिरडा तसाच राहिला. आजी पुढे बोलत होती. येताना मीठ, कधी लुगडे. पोरे घरी ठेवून जायचे. बाजारात शेठ तोलायचे, ओलीचे कापायचे, मग पैसे मिळायचे.

"ओलीचं कापायचे, तेव्हा तुम्ही काही म्हणत नव्हतात?" दादाजींनी विचारले.

"काय म्हणायचं? तशी रीतच होती." तिच्या स्वरात तक्रार नव्हती. गेल्या सालच्या पावसाविषयी बोलावे तसे ती बोलत होती.

येथे थोडे थांबून विचार करण्यासारखे आहे. तत्त्वार्थसूत्राच्या सातव्या अध्यायात अचौर्य अणुव्रताचे अतिचार सांगितले आहेत. चोरीचा माल घेणे, भेसळ करणे यांच्याच पंक्तीत कमी-जास्त वजनमाप हा अतिचार येतो. श्वेतांबर परंपरेतील वंदित्तु सूत्रातही खोट्या तोल-मापाचा उल्लेख आहे आणि प्रतिक्रमण करणारा श्रावक त्याची आलोचना करतो. दादाजींनी गेली पन्नासाहून अधिक वर्षे प्रतिक्रमण चुकविले नव्हते. त्यांच्या पेढीचा काटा सरकारी शिक्क्याचा होता, वजने खरी होती. मापात पाप नाही, याचा त्यांना अभिमान होता. ओलीची वजावटही त्यांनी कधी लपविली नव्हती, ती वहीत स्वच्छ लिहिलेली होती. चूक काट्यात नव्हतीच. ओल मालात आहे की नाही, हे पाहण्याचे कष्ट कोणी घेतले नव्हते. वडील कापीत होते म्हणून मुलाने कापली. हिरडा कोठे वाळतो, किती वाळतो आणि किती चालून पेढीवर येतो, हे ठाऊक असते तर ती ओळ लिहिताना हात थबकला असता. न पाहिल्याने लागणारे दोषही असतात, आणि रिवाजाच्या पोटात ते निवांत राहतात.

निघताना दादाजींनी घरासाठी दोन किलो हिरडा मागितला. आधीच्या आठवड्यात वाळलेल्या पोत्यातून आजीने काढला, नातवाने काटा धरला. वजन बरोबर भरले. आजीने पिशवीचे तोंड बांधण्यापूर्वी, कोणी काही म्हटले नसताना, पोत्यात हात घालून आणखी एक ओंजळ वर टाकली.

"ही कशाची?" नातवाने विचारले.

"ओलीची," ती सहज म्हणाली.

दादाजींनी पिशवीत हात घातला. ओंजळभर हिरडा काढला आणि वाकून पोत्यात परत ठेवला. "ओल नाही, आजी," ते म्हणाले. "ओल कधीच नव्हती." मग त्यांनी हात जोडले. आजीला त्या हात जोडण्याचा अर्थ कळला की नाही, ते सांगता येत नाही. तिने उलट हात जोडले आणि म्हणाली, "सावकाश जा, ऊन आहे."

गाडीपाशी मुलाने तरुणाच्या हाती पैसे दिले. त्याने मोजले आणि म्हणाला, "शेठ, जास्त आलेत. आपलं कमी ठरलं होतं." मुलगा म्हणाला, "पहिला दर होता तोच दिलाय. कमी करण्यासारखं काही नव्हतं."

चौविहाराच्या वेळेपूर्वी मंडळी घरी पोहोचली. त्या संध्याकाळी दादाजींनी प्रतिक्रमणाला नेहमीपेक्षा जास्त वेळ घेतला.

आहुप्याला जाऊ इच्छिणाऱ्या वाचकांसाठी चार गोष्टी. पावसाळ्यात तेथे धुके, धबधबे आणि गर्दी असते, आणि अलीकडे हीच जाण्याची ऋतुवेळ मानली जाते. आपल्या परंपरेने मात्र आषाढी चौदशीपासून कार्तिकी पौर्णिमेपर्यंत साधू-साध्वींचा विहार थांबविला तो भूमीवर उमललेल्या असंख्य जीवांच्या दयेपोटी. गृहस्थानेही त्यातून बोध घ्यावा. निसरडा कडा, धुक्यात न दिसणारी धार आणि उतारावरची ओली माती ही कारणे वेगळीच. कार्तिकी पौर्णिमेनंतर हवा स्वच्छ होते आणि कड्याचे थर उत्तम दिसतात. हिरड्याचे काम पाहावयाचे असेल तर चैत्र-वैशाखात जावे. गावातील मार्गदर्शक घ्यावाच, कारण कडा, वाटा आणि देवराईची मर्यादा त्यालाच ठाऊक असते. आहाराचे नियम आदल्या दिवशी नम्रपणे सांगावेत. यजमानाच्या घरी काय शिजते याची चौकशी करण्याऐवजी आपल्याला काय चालते तेवढे सांगितले की पुरते. देवराईत चामड्याची वस्तू नेऊ नये, काही तोडू नये, काही आणू नये.

मॉरिशसलाही अवश्य जावे. तेथे पिढ्यांपूर्वी मजूर म्हणून गेलेल्या मराठी माणसांचे वंशज आहेत आणि गणेशचतुर्थीला सार्वजनिक सुटी असते. पण जाण्यापूर्वी किंवा आल्यानंतर एक दिवस आपल्या बेटासाठी काढावा. आपल्या पेढ्यांच्या जुन्या वह्यांत अशा कितीतरी गावांची नावे आहेत जी आपण फक्त लिहिली. त्यांपैकी एखाद्या गावी जावे, तेथील माणसाला दिवसभर पुढे चालू द्यावे, आपण मागून चालावे, आणि त्याने सांगितलेला दर पुरा द्यावा.